अक्काचा ग्लुकोजचा पुडा

शनिवारी संध्याकाळी देवापाशी दिवा लावून झाला की मी पेटी खाली काढते. कपाटावरून काढताना आता खांदा ओढतो. पेटी गुलाबी आहे. अक्काच्या माहेरी कुणाच्या तरी लग्नात नवरीला आलेली, पावडर-लिपस्टिक ठेवायची, झाकणाला आरसा असलेली. नवरीला रंग आवडला नाही, मग ती या घरून त्या घरी फिरत आमच्याकडे आली आणि सहलीची औषधाची पेटी झाली. झाकण उघडलं की आधी माझं तोंड दिसतं आणि मग कापूस. तोंड दर वेळी तेच, दमलेलं. कापूस मात्र दर वेळी कमी.

अक्का म्हणजे माझी थोरली जाऊ. आमचे नवरे सख्खे भाऊ. ते एकामागोमाग गेले आणि सोलापुरातल्या आमच्या त्या घरात आम्ही दोघीच उरलो. लग्न होऊन आले तेव्हा मी तिला अहो-जाहो करायचे. दोघीच उरल्यावर अगं-तुगं कधी सुरू झालं ते कळलंच नाही. मी शाळेच्या ऑफिसात कारकून होते, निवृत्त झाले. अक्का अक्कलकोटकडची, माहेरी कानडी बोलणारी. लग्नानंतर मराठी शिकली आणि जन्मभर स्वयंपाकघरात राहिली. नवरा असताना ती देवदर्शन आणि लग्नं सोडून कुठे गेली नव्हती.

आमच्या घराजवळच्या बागेत सकाळी फिरायला येणारी मंडळी आहेत. सगळी साठीच्या अलीकडची-पलीकडची. त्यांनी महिन्यातून एका रविवारी बाहेर जायचं ठरवलं. कधी नळदुर्गाचा किल्ला, कधी हिप्परग्याचं तळं, कधी नान्नजकडचं माळरान. पहिल्या सहलीला अक्का किल्ल्याच्या बुरुजावर चढली आणि पदर खोचून तिथे उभीच राहिली. मी म्हटलं, "चल की आता." तर म्हणाली, "थांब गं. एवढं लांबचं मी कधी बघितलंच न्हाय." त्या दिवसापासून तिचा महिना रविवारावर टांगलेला असायचा.

पेटी माझ्याकडे आली ती माझी पिशवी मोठी म्हणून. दुसरं काही कारण नाही. पहिल्या सहलीत कुणाच्या तरी पायात बाभळीचा काटा मोडला, माझ्याकडे सेफ्टी पिन निघाली, झालं! सगळे म्हणाले, औषधाचं तुम्हीच बघा. बघते म्हटलं. तेव्हापासून बघतेच आहे.

लोकांना वाटतं पेटी एकदा भरली की भरली. अहो, कुठली! सोलापूरचं ऊन आणि गाडीत राहिलेली पेटी, चिकटपट्टीचा डिंक वितळून सगळ्याला लागतो, मलम पातळ होऊन टोपणातून बाहेर येतं. गोळ्यांच्या तारखा उलटतात. आणि ऊन परवडलं पण माणसं नकोत. आमच्यातल्या एक बाई, निवृत्त मुख्याध्यापिका, पेटीतला कापूस नेऊन वाती वळायच्या. "निर्जंतुक आहे ना, देवाला चांगला," असं मलाच वर समजावायच्या. कात्री दुधाची पिशवी कापायला जायची ती परत यायची नाही. मुरगळलेल्या पायासाठी आणलेलं लवचिक बँडेज एकदा गाडीच्या टपावर सतरंजी बांधायला वापरलं होतं. मी ओरडले की सगळे हसायचे. पाय मुरगळला की मात्र हेच सगळे, "वहिनी, पेटी! वहिनी, पेटी!" गरज सरो, वैद्य मरो. रविवारी रात्री मी म्हणायचे, पुढच्या खेपेला दुसरं कुणी बघा. आणि पुढच्या सहलीच्या आदल्या शनिवारी पुन्हा मीच पेटी घेऊन बसायचे.

का बसायचे ते फक्त अक्काला माहीत होतं. पेटीच्या तळाशी, कापसाच्या गुंडाळीखाली, ग्लुकोजचा एक पुडा असायचा. तो अक्कासाठी.

अक्काला साखरेचा आजार. गोळ्यांनी भागेना तेव्हा सुई सुरू झाली. तिची साखर वाढायची त्याची मला भीती नव्हती, अचानक उतरायची त्याची होती. एकदा ती न्हाणीघरात पडली. तेव्हा तिचा मुलगा पुण्याहून धावत आला. पोरगा गुणाचा आहे, उगाच नाव ठेवणार नाही. पण त्याने मला बाजूला घेऊन सांगितलं, "काकू, पुन्हा असं झालं ना, तर मी आईला पुण्यालाच नेणार. तुमचं वय झालं, तुमच्या एकटीच्या जिवावर नाही ठेवायची मला." दाराआड उभी राहून अक्काने ते ऐकलं. तो गेल्यावर तिने मला शपथ घातली. सहलीतल्या कुणाला सुईचं सांगायचं नाही. सांगितलं तर ते न्यायचे नाहीत, चर्चा होईल, मुलाच्या कानावर जाईल, मग पुणं.

"झाकली मूठ सव्वा लाखाची," ती म्हणाली. "तेवढा एक रविवार राहू दे मला."

म्हणून मी मूठ झाकून बसले. घाम फुटला, हात थरथरले, आणि मुख्य म्हणजे अक्का मधेच कानडीत बोलायला लागली, की समजायचं साखर उतरली. माझ्याशी ती एरवी कधी कानडी बोलत नाही. मग पाण्यात ग्लुकोज घालून पाजायचं, लोकांना सांगायचं ऊन लागलं. दोनदा तसं झालं होतं, दोनदा निभावलं.

पण आमच्यात एक काका होते. एसटीत कंडक्टर होते, निवृत्त झालेले, आवाज अजून गाडीत घंटी मारायचाच. त्यांना त्या पुड्याचा वास लागला. गाडी थांबली की, "वहिनी, काढा तुमचा खजिना! ऊन लई हाय. सरबत करू." आणि बाटल्यांत ओतून, हलवून, सगळ्यांना घोट घोट. स्वतः मात्र अर्धी बाटली. मी चिडायचे. "अहो, ते सरबत नाही, औषध आहे!" तर म्हणायचे, "औषध गोड असतंय व्हय? मग आमाला रोज आजारी पाडा की." सगळे खो खो हसायचे. पाठीमागे मला चिकट म्हणायचे, तेही माझ्या कानावर आलं होतं. सांगणार काय? अक्का माझ्याकडे बघायची, मी गिळून टाकायचे. पुढच्या वेळी पुडा कापसाखालून काढून बँडेजखाली लपवायचा. पण एसटीत जन्म गेलेल्या माणसापासून पिशवीतलं काय लपणार!

आणखी एक शहाणपण त्या मंडळींनी केलं होतं. आमची सहल बिनसाखरेची. चहाच्या थर्मासमध्ये साखर नाही, डब्यात गोड नाही. कडक भाकरी, शेंगाचटणी, पिठलं, ठेचा. चारी बाजूंनी उसाचा जिल्हा, आमच्यातल्या एकाचा तर श्रीपूरकडे स्वतःचा ऊस कारखान्याला जातो, आणि हे सगळे कडू चहा पीत एकमेकांना सांगणार, मला काही नाही हो, आपली काळजी म्हणून सोडली. अक्काही सांगायची. मी समोर भाकरी मोडत बसायचे.

तो रविवार दिवाळीच्या आधीचा. पाऊस संपलेला आणि ऊन पुन्हा तापलेलं. नान्नजकडच्या माळावर काळविटं बघायची होती. त्या दिवशी संकष्टी आली. मी म्हटलं, "अक्का, आजचा उपास नको." ती म्हणाली, "खिचडी घेतली की डबाभर. खाणारच हाय मी." सकाळी सुई घेतली, एक केळं खाल्लं, आणि गाडीत बसली.

नाश्त्याला गाडी एका लिंबाखाली थांबली. सगळ्यांनी सतरंजीवर डबे उघडले. मुख्याध्यापिका बाईंनी त्यांचा पिठल्याचा कांदा लागलेला चमचा अक्काच्या खिचडीत घातला. "वा, काय मोकळी झालीय," म्हणत वाढूनही घेतली. उपासाच्या डब्यात कांदा! दुसरी कुणी असती तर बोलली असती. अक्काने डबा हळूच त्यांच्याकडे सरकवला. "घ्या की सगळी. मी मागनं खाते." मी तेव्हा गाडीच्या पलीकडे ड्रायव्हरच्या बोटाला पट्टी बांधत होते, डबा उघडताना कापलं होतं त्याला. परत आले तर डबा रिकामा दिसला. मला वाटलं, खाल्ली.

मग माळावरून चालणं सुरू झालं. काका म्हणाले, "द्या वहिनी पेटी, मी धरतो." दिली. खांद्याला बरं वाटलं, खरं सांगते. वाटेत शेळ्या राखणाऱ्या धनगराच्या दोन लहान पोरी भेटल्या. अक्काने माझ्या पर्समधल्या लिमलेटच्या गोळ्या काढून त्यांच्या ओंजळीत सगळ्या ओतल्या. मी म्हटलं, "दोन तरी ठेव." ती म्हणाली, "असू दे गं, लेकरं हायती."

गवत पिवळं पडायला लागलं होतं. लांबवर काळविटांचा कळप होता. दुर्बीण एकाच्या हातातून दुसऱ्याच्या हातात फिरत होती. अक्काची पाळी आली. तिने ती डोळ्यांना लावली आणि काढलीच नाही. मी जवळ गेले तर तिची मान घामाने थबथबलेली. दुर्बीण हातात थरथरत होती. मी म्हटलं, "अक्का, बस खाली." ती म्हणाली, "ब्याड, ब्याड." नको, नको. आणि पुढचं सगळं कानडीतच.

मी तिच्या हातातली दुर्बीण काढून घेतली.

तिला धरून खाली बसवली. "खिचडी खाल्लीस ना तू?" ती माझ्याकडे बघत होती, पण मी कोण ते तिला उमजत नव्हतं. मी ओरडले, "पेटी आणा!" काकांनी पेटी आणली. मी कापूस फेकला, बँडेज फेकलं, तळाशी हात घातला. पुडा होता. हलका. आतली पिशवी घडी घालून नीट ठेवलेली आणि आत बोटाला चिकटेल एवढीही पूड नाही.

सगळे भोवती जमले. कुणी पदराने वारा घालत होतं, कुणी म्हणालं ऊन बाधलं, कांदा हुंगवा. कांदा! मी म्हटलं, "साखर आहे का कुणाकडे? गूळ, पेढा, बिस्कीट, काहीही?" पिशव्या उघडल्या. चटणी निघाली, भाकरी निघाली, कारल्याच्या रसाची बाटलीसुद्धा निघाली एकाकडे. कप्पाळ माझं! गाडी मागे राहिलेली, दुकान त्याहून लांब. अक्काची मान माझ्या दंडावर कलत चालली होती. ते सगळे पुन्हा म्हणाले, घाबरू नका, ऊन आहे, पाणी मारा.

तेव्हा मी शपथ मोडली. "ऊन नाही हो!" मी ओरडले. "तिला साखर आहे! सुई घेते ती रोज! पोटात काही नाही तिच्या. साखर नाही मिळाली तर मरेल ती इथं!"

माझा आवाज त्या माळावर कुठवर गेला असेल देव जाणे. कळपातली काळविटंसुद्धा मान वर करून बघायला लागली होती.

काकांनी खांद्याची झोळी काढली. आतून त्यांची पाण्याची बाटली काढली, कापडात गुंडाळलेली. त्यांचे हात अक्कासारखेच थरथरत होते. "ह्यात हाय," ते म्हणाले. "मघाशी पेटी धरली तवाच सगळा पुडा ह्यात घातला मी. वहिनी, माझंबी तेच हाय."

मला आधी कळेना. मग कळलं. ज्या ज्या वेळी यांनी "सरबत, सरबत" म्हणून गोंधळ घातला, त्या त्या वेळी यांची साखर उतरलेली असायची. सगळ्यांना घोट घोट द्यायचं आणि आपण अर्धी बाटली प्यायची, म्हणजे कुणाला संशय नको. मी मनातल्या मनात ज्याला खादाड, फुकट्या, काय काय म्हणत होते, तो माणूस माझ्या अक्कासारखाच मूठ झाकून बसला होता. राग कुणावर करायचा? मला रडू आलं. पण रडायला वेळ नव्हता.

बाटलीच्या टोपणाने एक एक घोट अक्काच्या ओठांत सोडला. आधी बाहेर आला. मग तिने गिळला. मग आणखी एक. काका शेजारी उकिडवे बसून, "गिळा ताई, गिळा, आणिक एक," असं म्हणत होते, आवाज अगदी बारीक. बऱ्याच वेळाने अक्काने डोळे नीट उघडले. भोवतीच्या सगळ्यांकडे बघितलं. मग माझ्याकडे.

"सांगितलंस व्हय?" ती मराठीत म्हणाली.

मी मान हलवली. तिने तोंड फिरवलं.

तिला गाडीत घालून सोलापुरात दवाखान्यात नेलं. डॉक्टरांनी तपासलं, वेळेवर गोड दिलं म्हणून वाचल्या, असं म्हणाले. अख्ख्या वाटेत अक्का माझ्याशी बोलली नाही. माझ्या मांडीवर डोकं मात्र होतं तिचं.

संध्याकाळी मुख्याध्यापिका बाईंनी सहलीच्या व्हॉट्सअॅपवर दवाखान्यातल्या अक्काचा फोटो टाकला. खाली, आमच्या ताईंना लवकर बरं वाटो, हात जोडलेली चित्रं, फुलं. मन चांगलंच होतं हो त्यांचं. पण तो फोटो या फोनवरून त्या फोनवर गेला आणि रात्रीच्या आत पुण्याला पोचला. दुसऱ्या दिवशी दुपारी मुलगा दारात उभा. तो माझ्यावर ओरडला नाही. ओरडला असता तर बरं झालं असतं. नुसतं म्हणाला, "काकू, मी सांगितलं होतं."

अक्काची बॅग भरायला फार काही नव्हतं. नऊवारी, औषधं, देवाचा एक टाक. जाताना ती कपाटाकडे बघत उभी राहिली. म्हणाली, "पेटीतला माझा पुडा काढू नगंस."

मला राग आला. आतून उसळून आला. "तू येणार नाहीस तर पुडा कुणाला ठेवू?"

"असू दे," ती म्हणाली आणि गाडीत बसली.

त्यानंतरच्या सहलीला जाऊ नये असंच वाटत होतं. पण शनिवारी दुपारीच काका घरी आले. हातात ग्लुकोजचे पुडे आणि तोंड पडलेलं. ते गेल्यावर श्रीपूरचे ऊसवाले आले, गुळाची ढेप घेऊन. त्यांनी इकडे तिकडे बघून हळूच सांगितलं, त्यांनाही सुई आहे. मग मुख्याध्यापिका बाई. त्यांना आजार वेगळा, छातीचा, जिभेखाली ठेवायची गोळी लागते. घरात सुनेलाही माहीत नाही म्हणाल्या. कापसाचं एक नवीन बंडलही आणलं होतं त्यांनी. म्हणजे इतकी वर्षं आम्ही सगळे एकमेकांसमोर कडू चहा पीत बसलो होतो आणि पेटी फक्त माझी आहे असं मी समजत होते. आता ती इतकी भरते की झाकण बसत नाही. आता कुणी त्यातलं काही नेत नाही, कुणी हसत नाही, सगळे मला विचारून चालतात. जे मला हवं होतं ते सगळं झालं. फक्त गाडीत खिडकीजवळची सीट रिकामी असते. तिथे मी पेटी ठेवते.

अक्काचा फोन शनिवारी येतो. सून चांगली आहे, दिवसातून चार चार वेळा बोट टोचून साखर बघते, वेळेवर खायला देते. फ्लॅट बाराव्या मजल्यावर. लिफ्टची भीती वाटते म्हणून अक्का खाली उतरत नाही. परवा फोन आला तेव्हा मी पेटी उघडूनच बसले होते. झाकणाच्या आरशात माझं तोंड आणि कानाला लावलेला फोन दिसत होता.

मी विचारलं, "साखर काय म्हणते?"

"एकदम बरोबर येती गं," ती म्हणाली. "आता कदी उतरत न्हाय, का चढत न्हाय. डॉक्टरबी खूश हाय." मग म्हणाली, "उद्या कुटं चाललाय तुमी?"

"नळदुर्ग."

"त्या बुरुजावर चढणार?"

"बघू. पाय दुखतात."

"चढ," अक्का म्हणाली. "चढ आणि लांब बघ. आणि माझा पुडा ठेवला का?"

मी अजून ठेवला नव्हता. हातातच होता. "ठेवला," म्हटलं, आणि फोन कानाला तसाच धरून तो कापसाखाली ठेवला.